कोणी कुठे बसायचं हे कोण ठरवतं? पाट, ओसरी, गॅलरी आणि प्लास्टिकच्या खुर्चीची गोष्ट

जून २०२३ मध्ये बंगळुरूच्या एका हाउसिंग सोसायटीतला मेसेज सोशल मीडियावर व्हायरल झाला होता. रहिवाशांच्या ग्रुपवर कोणीतरी तक्रार केली होती की घरकामाला येणाऱ्या बायका बागेत, गझिबोमध्ये बसतात आणि त्यामुळे रहिवाशांना अवघडल्यासारखं होतं. रिसेप्शनमधल्या सोफ्यांवर तर स्वयंपाकी, सुतार, प्लंबर बसलेले असतात, म्हणून आम्ही तिथे बसणंच जवळपास सोडून दिलंय, असंही त्यात म्हटलं होतं. कामवाल्यांनी त्यांच्यासाठी ठरवलेल्या जागेतच थांबावं, अशी मागणी होती.

त्यावर दोन दिवस भरपूर भांडणं झाली. कोणी याला उघड भेदभाव म्हटलं, कोणी 'मेंटेनन्स आम्ही भरतो' म्हणून बाजू घेतली. मग नेहमीप्रमाणे विषय मागे पडला. पण वाद नक्की कशावरून झाला ते बघा. कोणी काही चोरलं नव्हतं, मोडलं नव्हतं. एका घरचं काम आटोपून दुसऱ्या घरी जायच्या मधल्या वेळात काही माणसं सोफ्यावर बसली होती, इतकंच.

घराची रचना आणि फर्निचर हा आपल्यासाठी आवडीचा किंवा बजेटचा मामला असतो. फार तर वास्तुशास्त्राचा. पण कुठलंही घर, शाळा, ऑफिस किंवा दुकान नीट बघितलं तर त्यात एक यादी लपलेली सापडते: इथे कोण बसू शकतं, कोणाला उभं राहायचंय आणि कोणी दाराच्या आतच यायचं नाही. ही यादी महाराष्ट्रातल्या घरांमध्ये कशी बदलत गेली, ते समजून घेऊ.

खुर्ची म्हणजे सत्ता, हे कधीपासून?

'मुख्यमंत्र्यांची खुर्ची धोक्यात' ही हेडलाइन वाचताना कोणाच्या डोळ्यांसमोर चार पायांची वस्तू येत नाही. 'गादी चालवणं' म्हणजे वारसा सांभाळणं, मग ती गादी संस्थानाची असो, मठाची असो की पेढीची. 'खुर्ची' हा शब्द मूळ अरबी 'कुर्सी'वरून फारसीमार्गे आपल्याकडे आला. तो यायच्या आधीही आसन, सिंहासन हे शब्द बसण्यापेक्षा अधिकाराबद्दलच बोलत होते.

याचं मराठी माणसाला पाठ असलेलं उदाहरण म्हणजे आग्रा. १६६६ मध्ये शिवाजी महाराज औरंगजेबाच्या दरबारात गेले. मुघल दरबारात बादशहा बसलेला असे आणि सरदार उभे असत. त्यामुळे माणसाची किंमत कळायची ती तो कितव्या रांगेत उभा आहे यावरून. महाराजांना पाच हजारी मनसबदारांच्या रांगेत उभं केलं गेलं आणि तिथेच ठिणगी पडली. पुढची गोष्ट आपल्याला माहीत आहे.

आठ वर्षांनी, ६ जून १६७४ रोजी रायगडावर राज्याभिषेक झाला. सभासद बखरीत ३२ मण सोन्याच्या सिंहासनाचा उल्लेख आहे. महाराजांकडे तोवर किल्ले होते, फौज होती, मुलूख होता. तरी शेजारच्या सत्तांच्या लेखी ते बंड करणारे जहागीरदारच होते. छत्र आणि सिंहासन आल्यावर त्यांच्या राज्याला राज्य म्हणून मान्यता मागता आली. एखादी बसायची वस्तू राजकारणात काय काम करते, हे यापेक्षा सोप्या भाषेत सांगता येणार नाही.

पण ही झाली दरबाराची गोष्ट. साध्या घरात तर खुर्ची नव्हतीच. मग तिथे उच्च-नीच कशावरून ठरायचं?

भिंतीतलं कपाट आणि जमिनीवरचा संसार

'कपाट' या शब्दाचा संस्कृत अर्थ दार किंवा दाराची फळी असा आहे. बद्रीनाथ-केदारनाथचे 'कपाट उघडले' अशी बातमी दरवर्षी येते, त्यातला कपाट तोच. मराठीत मात्र कपाट म्हणजे कपडे-भांडी ठेवायची वस्तू. जुन्या वाड्यातलं फडताळ बघितलं की या दोन अर्थांमधलं नातं लक्षात येतं. जाड भिंतीत खोबण सोडलेली आणि तिला दोन दारं. दिव्यासाठी कोनाडा, पागोटं अडकवायला खुंटी, बसायला ओटा, धान्य ठेवायला बळद, हे सगळं घर बांधतानाच तयार व्हायचं. हलवता येईल असं सामान फार कमी. पाट, चौरंग, बाज, घडवंची, एखादी पेटी.

याचं कारण फक्त गरिबी नव्हती. माजघरात सकाळी निवडणं-टिपणं चाले, दुपारी बायका तिथेच लवंडत, रात्री तिथेच अंथरुणं पडत. जमीन मोकळी असेल तरच एक खोली चार कामांना वापरता येते. मधोमध डबल बेड टाकला की ती खोली एकाच कामाची होते. आज वन बीएचकेत राहणाऱ्या कोणालाही हा हिशोब पटेल.

सगळेच जमिनीवर बसतात म्हणजे सगळे सारखे, असं वाटू शकतं. पण तसं नव्हतं. फरक फूटभर उंचीचा नसून दोन-चार इंचांचा असायचा आणि तो सगळ्यांना नेमका कळायचा. चौरंग देवाला. पाट जेवायला बसलेल्या पुरुषांना, पाहुण्यांना, जावयाला. 'पाटपाणी घेणं' म्हणजे जेवायची तयारी करणं, आणि ती करायची घरातल्या बायकांनी. त्या स्वतः जेवायच्या पुरुषांची पंगत उठल्यावर. सासऱ्यासमोर सुनेनं झोपाळ्यावर बसायचं नाही, हे सांगावंही लागत नसे. घरातल्या सगळ्यात आरामशीर फर्निचरवर तिचा हक्क धरलेलाच नव्हता.

आणि महिन्याचे ते चार दिवस. मराठीत त्याला म्हणतातच 'बाजूला बसणं'. पाळीसाठी आपल्या भाषेनं शरीराचा शब्द निवडला नाही, घरातल्या जागेचा निवडला. वेगळा कोपरा, वेगळी चटई, वेगळं ताट. काही घरांत हे आजही चालतं, फक्त चटईऐवजी वेगळा बेड असतो.

वाडा: आत किती यायचं याचा नकाशा

पेशवाईच्या काळात पुण्यात जे वाडे उभे राहिले, त्यांची रचना साधारण सारखी होती. मोठा दरवाजा, त्यातली छोटी दिंडी, आत पहारेकऱ्यांची देवडी, मग चौक, चौकाभोवती ओसरी किंवा सोपा, पुढे माजघर, स्वयंपाकघर, देवघर आणि मागे परसू. पुस्तकांत या रचनेचं कौतुक हवा, उजेड आणि थंडाव्यासाठी केलं जातं आणि ते योग्यच आहे. चौकामुळे खरंच घर गार राहतं.

पण हाच नकाशा माणसांच्या बाजूनं वाचून बघा. तगादेवाला, निरोप्या देवडीपर्यंत. कुळं आणि व्यवहाराची माणसं ओसरीपर्यंत. नात्यातले, जातीतले माजघरापर्यंत. स्वयंपाकघर आणि देवघरात फक्त सोवळ्यातली माणसं. आणि गावातली कितीतरी माणसं अशी की दिंडीच्या आत येण्याचा प्रश्नच नाही. बाहेरच्या पुरुषांना घरातल्या बायका दिसू नयेत, याचीही सोय त्याच नकाशात होती.

सगळीकडे असंच होतं असं नाही. गोव्यातल्या ख्रिस्ती घरांमध्ये दाराबाहेर 'बलकांव' असतो, म्हणजे छप्पर असलेला आणि बांधीव बाकं असलेला कट्टा, रस्त्याकडे तोंड करून. संध्याकाळी घरातली माणसं, बायकाही, तिथे बसून येणाऱ्या-जाणाऱ्यांशी बोलतात. त्याच गोव्यातल्या जुन्या हिंदू घरांमध्ये मोकळी जागा आत असते, राजांगणाच्या रूपात. पाऊस तोच, चिराही तोच. तरी एका घराचं बसणं रस्त्याकडे आणि दुसऱ्याचं आतल्या अंगणाकडे. फक्त हवामानावरून घरं समजत नाहीत ती अशी.

वाड्याचा नकाशा मोडायचा म्हणजे काय, हे पुण्यातच बघायला मिळालं. १८४८ मध्ये जोतीराव आणि सावित्रीबाई फुल्यांनी मुलींची शाळा काढली ती बुधवार पेठेतल्या भिडे वाड्यात. नवी इमारत वगैरे काही नाही. ज्या प्रकारच्या घरात बाईनं माजघराच्या पुढे येऊ नये असा संकेत होता, तशाच घरात मुली धडे गिरवायला बसल्या.

गोणपाटाचा तुकडा

गावाच्या पातळीवर हीच गोष्ट जास्त क्रूर होती. पाटील-कुलकर्ण्यांची घरं आत, महारवाडा-मांगवाडा गावकुसाबाहेर. चावडीवर कोण बसेल, कोण पायरीशी उभं राहील, हे ठरलेलं. शाळा सुरू झाल्या तेव्हा ही व्यवस्था वर्गातही आली.

डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी 'वेटिंग फॉर अ व्हिसा' या आत्मकथनपर लेखनात साताऱ्याच्या शाळेतली आठवण लिहून ठेवली आहे. वर्गात त्यांना इतर मुलांसोबत बसता येत नव्हतं. एका कोपऱ्यात, गोणपाटाच्या तुकड्यावर वेगळं बसायचं. शाळा झाडणारा माणूस त्या गोणपाटाला हात लावत नसे. त्यामुळे ते रोज संध्याकाळी गोणपाट घरी न्यायचे आणि दुसऱ्या दिवशी परत आणायचे.

फर्निचर आणि समाज या विषयावर कितीही जाड पुस्तकं असली तरी मला ही एक आठवण त्या सगळ्यांना पुरून उरते असं वाटतं. शाळा सरकारी, शिकायची परवानगी होती, फीचाही अडथळा नव्हता. फक्त बसायची वस्तू शाळेची नव्हती, ती स्वतःची आणायची होती. म्हणजे त्या मुलाला शाळेत घेतलं होतं आणि घेतलं नव्हतंही.

१९१९ मध्ये राजर्षी शाहू महाराजांनी कोल्हापूर संस्थानात अस्पृश्यांसाठीच्या वेगळ्या शाळा बंद करून सगळ्या मुलांना एकाच शाळेत घ्यायचा आदेश काढला, त्याचं महत्त्व या पार्श्वभूमीवर कळतं. एकत्र शिकणं म्हणजे प्रत्यक्षात एकत्र बसणंच होतं.

साहेबाची खुर्ची

इंग्रजांसोबत कचेरी आली, कोर्ट आलं, टेबल-खुर्ची आली. टेबलाच्या एका बाजूला साहेब बसलेला, दुसऱ्या बाजूला अर्जदार उभा. आपल्या अनेक सरकारी कार्यालयांत हे दृश्य अजून बदललेलं नाही.

इंग्रजांनी तर बसण्याची परवानगीच बक्षीस म्हणून वाटली. भेटीला आल्यावर ज्यांना खुर्ची द्यायची अशा मानकऱ्यांना 'कुर्सीनशीन' म्हणत. उत्तर भारतात त्याची रीतसर सनद मिळायची. म्हणजे साहेबासमोर बसता येतं याचं सर्टिफिकेट. ऐकायला विनोदी वाटतं, पण आज लग्नाच्या स्टेजसमोर पहिल्या रांगेतल्या सोफ्यावर 'राखीव' चिठ्ठी लावलेली असते, ती याच घराण्यातली.

दीडशे-एकशे साठ फुटांत काय मावतं?

इथून मुंबईत येऊ, कारण घरांच्या रचनेनं माणसं बदलल्याचं सगळ्यात ठळक उदाहरण चाळ आहे.

गिरण्या वाढल्या तसे कोकणातून, घाटावरून कामगार आले. राहायला जागा नव्हती. १८९६ मध्ये प्लेग आला आणि दाटीवाटीच्या वस्त्या हा सरकारला धोका वाटू लागला. १८९८ मध्ये बॉम्बे इम्प्रूव्हमेंट ट्रस्ट स्थापन झाला, त्यानं बांधलेल्या त्या बीआयटी चाळी. पुढे १९२० च्या दशकात बॉम्बे डेव्हलपमेंट डिपार्टमेंटनं बांधलेल्या त्या बीडीडी चाळी. वरळी, नायगाव, ना. म. जोशी मार्ग आणि शिवडी मिळून २०७ इमारती. तळमजला अधिक तीन मजले, एका इमारतीत ८० खोल्या आणि खोली साधारण १६० चौरस फुटांची. नळ, संडास सामाईक.

या खोलीचं फर्निचर म्हणजे एका पिढीची हुशारी आहे. दाराजवळ मोरी, पाण्याचं पिंप, भिंतीला भांड्यांची मांडणी, वर पोटमाळा, खाली ट्रंका, ट्रंकांवर वळकट्या. खाट असलीच तर एक, तीही घरातल्या म्हाताऱ्या माणसासाठी किंवा आजाऱ्यासाठी. नवं लग्न झालं की पडदा. गिरणगावात गावाकडून एकटे आलेले पुरुष एका खोलीत डझनावारी राहायचे. पाळ्या वेगवेगळ्या, त्यामुळे एक कामावर गेला की त्याच जागेवर दुसरा झोपायचा. उरलेले गॅलरीत नाहीतर फुटपाथवर. जेवण खानावळीत, जी बहुतेकदा शेजारच्याच खोलीतली एखादी बाई चालवायची. तिच्यासाठी तीच खोली घर होती आणि तोच कारखाना.

खोली इतकी लहान की घरातली बरीच कामं बाहेर आली. भाजी निवडणं, अभ्यास, केस विंचरणं, भांडण, लग्नाची बोलणी, सगळं गॅलरीत. दारं दिवसभर उघडी. यातून शेजारधर्म आला असं आपण प्रेमानं सांगतो आणि ते खोटं नाही. १८९३ मध्ये मुंबईतला सार्वजनिक गणेशोत्सव गिरगावच्या केशवजी नाईक चाळींत सुरू झाला. मधली मोकळी जागा आणि तिच्याकडे बघणाऱ्या गॅलऱ्या, हे नाट्यगृहच होतं. सभा, संप, व्याख्यानं, बतावणी, सगळ्याला प्रेक्षक तयार.

पण चाळीच्या आठवणी लिहिणारे बहुतेक पुरुष आहेत, हेही लक्षात ठेवायला हवं. रात्री मजल्याच्या टोकाच्या संडासापर्यंत जाणारी मुलगी, सगळ्यांच्या नजरेसमोरून ये-जा करणारी नवी सून, पहाटे नळावर नंबर लावणारी बाई यांना तीच गॅलरी वेगळी दिसत असणार. शिवाय चाळ म्हणजे जातपात संपली, असंही नव्हतं. बीडीडीत काही चाळी प्रामुख्यानं दलित-बौद्धांच्या, काही सवर्ण हिंदूंच्या अशी विभागणी होती. १९७४ च्या वरळीच्या दंगलीत ती रेष रक्तानं दिसली.

परळच्या बीआयटी चाळीतल्या ५० आणि ५१ नंबरच्या खोल्यांमध्ये बाबासाहेब आंबेडकर दोन दशकांहून जास्त काळ राहिले. नंतर दादरच्या हिंदू कॉलनीत त्यांनी 'राजगृह' बांधलं ते मुख्यतः पुस्तकांसाठी. गोणपाट घरी वाहून नेणाऱ्या मुलानं स्वतःचं घर बांधताना सगळ्यात जास्त जागा ग्रंथालयाला दिली.

ओटा आला, विळी गेली

चाळीतून फ्लॅटमध्ये जाताना एक बदल असा झाला की त्याकडे फारसं कोणाचं लक्ष गेलं नाही.

चूल जमिनीवर होती तेव्हा बाई बसून स्वयंपाक करायची. पाटावर किंवा पिढ्यावर बसायचं, विळीवर पाय ठेवून भाजी चिरायची, परात पुढ्यात घेऊन कणीक मळायची. धूर, वाकणं, पुन्हा पुन्हा उठबस यांचा त्रास होताच, त्यामुळे जुनं ते सोनं म्हणायचं कारण नाही. मग स्टोव्ह आला, गॅस आला आणि त्यासोबत कडाप्प्याचा ओटा. गॅसची शेगडी सिलिंडरपेक्षा उंच हवी, म्हणून ओटा हवाच. बाई उभी राहिली. उभ्यानं विळी वापरता येत नाही, म्हणून सुरी आणि चॉपिंग बोर्ड आला.

याच काळात बाहेरच्या खोलीत काय झालं? गादी-तक्क्या गेला, सोफा आला. पाट गेला, डायनिंग टेबल आलं. स्टीलचं कपाट आलं. गोदरेजनं १९२३ मध्ये स्टीलची कपाटं बनवायला सुरुवात केली होती, पुढे हे कपाट मराठी लग्नात मुलीला द्यायच्या वस्तूंच्या यादीत जाऊन बसलं. थोडक्यात, घरातल्या पुरुषाला जमिनीवरून उचलून मऊ जागी बसवलं आणि बाईला जमिनीवरून उचलून उभं केलं. दोघांची उंची वाढली, पण आराम एकाचाच वाढला. सून सासऱ्यासमोर सोफ्यावर बसू लागली हा फायदा मोठा आहे, तो नाकारायचा नाही. फक्त ती सोफ्यावर किती वेळ असते, हा वेगळा प्रश्न.

उभ्यानं वापरायच्या आधुनिक स्वयंपाकघराचं मूळ सांगताना नेहमी 'फ्रँकफर्ट किचन'चं नाव येतं. १९२६ मध्ये मार्गारेटे शुटे-लिहोत्स्की या ऑस्ट्रियन महिला आर्किटेक्टनं ते जर्मनीतल्या फ्रँकफर्ट शहराच्या स्वस्त घरांसाठी डिझाइन केलं. बाईची पावलं मोजून, रेल्वेच्या डायनिंग कारमधल्या चिंचोळ्या स्वयंपाकघराचा अभ्यास करून तिनं सगळं हाताच्या अंतरावर आणलं. त्या किचनमध्ये एक फिरतं स्टूल होतं. भाजी चिरणं, निवडणं यांसारखी कामं बसून व्हावीत म्हणून. आपल्याकडच्या 'मॉड्युलर किचन'च्या जाहिराती बघा. चिमणी आहे, सॉफ्ट-क्लोज ड्रॉवर आहेत, मसाल्यांसाठी पुल-आउट आहे. स्टूल मात्र सहसा दिसत नाही.

दोन मिनिटांत तयार होणारी खुर्ची

लाकडी खुर्ची महाग होती, म्हणून ती मोजक्या लोकांकडे होती. हे गणित प्लास्टिकनं मोडलं. १९७२ मध्ये हेन्री मासोने या फ्रेंच माणसानं एकाच साच्यातून, दोन मिनिटांच्या आत बनणारी प्लास्टिकची खुर्ची आणली. आज जगात सगळीकडे दिसते ती मोनोब्लॉक खुर्ची. हलकी, एकावर एक रचता येणारी, पावसात न कुजणारी. डिझाइनवाले तिला नाकं मुरडतात. पण लग्न, दशक्रिया, ग्रामसभा, वडापावची गाडी, मोर्चा, सगळीकडे तीच असते. तिच्यामुळे पहिल्यांदा बसायची वस्तू इतकी स्वस्त झाली की ती कोणाला द्यायची नाही याला पैशाचं कारण उरलं नाही.

त्यामुळे खरं कारण उघडं पडलं. २०१९ मध्ये उत्तराखंडच्या टिहरी जिल्ह्यात एका लग्नात सवर्णांसमोर खुर्चीवर बसून जेवल्याच्या कारणावरून एका दलित तरुणाला मारहाण झाल्याचा आरोप झाला, नंतर त्याचा मृत्यू झाला. २०२० मध्ये तमिळनाडूच्या कडलूर जिल्ह्यातला एक फोटो देशभर फिरला. ग्रामपंचायतीची बैठक चालू आहे, बाकीचे खुर्च्यांवर आणि निवडून आलेल्या दलित महिला अध्यक्ष जमिनीवर. राज्यघटनेच्या ७३व्या दुरुस्तीनं अध्यक्षपद दिलं होतं. त्या खोलीतली खुर्ची मात्र मिळाली नव्हती.

महाराष्ट्रातल्या ग्रामपंचायतींमध्ये महिलांना आता ५० टक्के आरक्षण आहे. तुमच्या गावात ग्रामसभा असेल तर एकदा जाऊन बघा: सरपंचबाई कोणत्या खुर्चीवर बसतात आणि त्यांच्या शेजारच्या खुर्चीवर बसून बोलतंय कोण.

बसण्यासाठी कायदा लागतो?

लागतो. ब्रिटनमध्ये १८९९ सालीच दुकानात काम करणाऱ्या महिलांना बसायला जागा देण्याचा कायदा झाला होता. दर तीन महिलांमागे किमान एक आसन. भारतात कारखाने अधिनियम, १९४८ च्या कलम ४४ मध्ये उभं राहून काम करणाऱ्या कामगारांना संधी मिळेल तेव्हा बसता यावं म्हणून सोय करायला सांगितलं होतं. पण तो कायदा कारखान्यांचा. साडीच्या दुकानात दहा-दहा तास उभ्या राहणाऱ्या मुलींचं काय?

हा प्रश्न केरळमधल्या कोळिकोडच्या दुकानांमधून वर आला. कापड दुकानांतल्या महिलांना गिऱ्हाईक नसतानाही बसू देत नसत. भिंतीला टेकलं तरी काही ठिकाणी पगार कापला जायचा. संडासला जायची सोय नाही, म्हणून बायका पाणीच कमी प्यायच्या. पायांच्या शिरा फुगणं, मूत्रमार्गाचे आजार ठरलेले. शिवणकाम करणाऱ्या पी. विजी यांनी 'पेणकूट्टू' नावाची महिलांची संघटना उभी करून यावर लढा दिला. २०१८ मध्ये केरळनं दुकानांच्या कायद्यात दुरुस्ती करून बसण्याचा हक्क दिला. २०२१ मध्ये तमिळनाडूनंही तसाच कायदा केला. विजी यांचं नाव २०१८ च्या 'बीबीसी १०० विमेन' यादीत होतं.

दुकानदारांचं म्हणणं काय होतं? कर्मचारी बसलेले दिसले तर गिऱ्हाइकाला ते आळशी वाटतात. म्हणजे आग्र्याच्या दरबारातला नियम कापड दुकानात चालूच होता: मोठा माणूस समोर असताना बाकीच्यांनी उभं राहायचं. पुढच्या वेळी मॉलमध्ये गेलात तर काउंटरमागे स्टूल आहे का, तेवढं बघा. सोसायटीच्या वॉचमनची खुर्चीसुद्धा. ती बहुतेकदा कोणाच्या तरी घरातून टाकून दिलेली, एक हात मोडलेली असते.

नव्या इमारती, नव्या देवड्या

वाडे गेले तरी 'आत किती यायचं' हा नकाशा गेला नाही. तो लिफ्टमध्ये शिरला. रहिवाशांची लिफ्ट वेगळी, कामवाल्यांची आणि डिलिव्हरीवाल्यांची 'सर्व्हिस लिफ्ट' वेगळी. हैदराबादच्या एका सोसायटीनं तर मुख्य लिफ्ट वापरली तर हजार रुपये दंड अशी नोटीस लावल्याचं २०२३ मध्ये व्हायरल झालं होतं. सामानासाठी वेगळी लिफ्ट समजू शकते. रिकाम्या हातानं येणाऱ्या माणसाला सामानात का धरायचं, हे नाही समजत.

त्याच वर्षी आयआयटी मुंबईत हॉस्टेलच्या मेसमध्ये काही टेबलं फक्त शाकाहारींसाठी ठेवण्यावरून वाद पेटला. विद्यार्थ्यांनी त्या टेबलावर मांसाहार करून निषेध केला, त्यात एकाला दहा हजार रुपये दंड झाला. एक बाजू म्हणाली, हा फक्त खाण्याच्या आवडीचा प्रश्न आहे. दुसरी म्हणाली, वेगळ्या पंगतीचा इतिहास ज्या देशात आहे तिथे टेबल फक्त टेबल राहत नाही. मला दुसरी बाजू जास्त पटते. माणसं स्वतःहून कोणासोबत जेवतात हा त्यांचा प्रश्न, पण संस्थेनं टेबल वाटून दिलं की तो नियम होतो.

आणि बीडीडी चाळी? त्यांचा पुनर्विकास म्हाडा करतंय. १६० फुटांच्या खोलीच्या बदल्यात ५०० चौरस फुटांचं, स्वतःचा संडास-बाथरूम असलेलं, मालकीचं घर. ऑगस्ट २०२५ मध्ये वरळीतल्या पहिल्या ५५६ घरांच्या चाव्या दिल्या गेल्या. चाळीचं कौतुक करणाऱ्यांनी याबद्दल हळहळायच्या आधी शंभर वर्षं सामाईक संडासापुढे रांग लावून बघावी.

तरी एक बदल होणार आहेच. खोलीचं दार गॅलरीत उघडायचं, फ्लॅटचं दार लॉबीत उघडतं. गॅलरीत खुर्ची टाकून बसलेल्या आजीला मजल्यावरची सगळी घरं दिसायची. टॉवरच्या लॉबीत खुर्ची ठेवायची झाली तर ती आगीच्या वेळी जायच्या वाटेत येते, म्हणून नियमात बसत नाही.